स्कोन कुठल्या बाजूला कलतो

"जगातले सगळे मोठे शोध, ज्यांचा त्या कामाशी काडीचा संबंध नव्हता अशाच माणसांनी लावलेत," शिक्केकाकांनी ओट्यापाशी उभं राहून जाहीर केलं. आवाज असा लावला होता, की ते वाक्य पुतळ्याखालच्या चौथऱ्यावर तसंच्या तसं कोरून घ्यावं. अडचण एवढीच होती, की हे बोलता बोलता त्यांनी ज्या डब्यातून वाटी भरून घेतली त्यात मैदा नव्हता. भांडी घासायची पावडर होती.

"ती खाली ठेवा," काकू म्हणाल्या. "मैदा वरच्या फळीवर आहे. शोध लागला की हाक मारा, मी बाजारातून येते."

शिक्केकाकांना हे नाव सोसायटीने दिलं होतं, आणि ते त्यांनी पदवीसारखं स्वीकारलं होतं. नोंदणी कचेरीत त्यांची सगळी नोकरी कागदांवर गोल शिक्का मारण्यात गेली. हे काम सोपं वाटतं, पण नवी माणसं शिक्का मारत तेव्हा कधी अर्धाच उमटायचा, कधी मधलं चिन्ह फिकं पडायचं. काकांचा शिक्का पौर्णिमेच्या चंद्रासारखा सगळीकडून भरलेला. टेकवायचा, दाबायचा आणि उचलण्याआधी मनगटाला अगदी किंचित मुरड द्यायची. 'हात बसायला लागतो,' असं ते म्हणत. निवृत्तीच्या दिवशी साहेबांनी भाषणात 'कचेरीचा उजवा हात' असा उल्लेख केला होता, तो काकांनी शब्दशः घेतला होता.

तर स्कोन. लेकीने ओव्हन भेट दिला, त्याबरोबर एक पुस्तिका आली, आणि तिच्या मुखपृष्ठावर स्कोनचं चित्र होतं. केक आणि बिस्किट यांचं जमलं असतं, तर त्यांना जे झालं असतं ते म्हणजे स्कोन. वरून तांबूस, आतून पांढरा, पोटात मनुका, चेरी, जर्दाळूचे तुकडे, आणि कमरेला बरोब्बर मध्ये एक आडवी भेग. तिथून तो हाताने उघडायचा आणि लोणी लावायचं. खाण्याची गोष्ट वेगळी. काकांना त्या भेगेने पछाडलं. सुरीने न कापता ती मधोमध कशी पडते? आणि पडते ती कमरेतच का, खांद्यात का नाही?

म्हणून त्यांनी थंड लोणी मैद्यात बोटांनी चुरलं. पुस्तिकेत 'ब्रेडच्या चुऱ्यासारखं दिसेपर्यंत' असं लिहिलं होतं, तेव्हा त्यांनी शेजारी खराखुरा ब्रेडचा चुरा ठेवून तुलना केली. सुका मेवा घातला, दूध घातलं, पीठ जाडसर थापलं आणि एका स्टीलच्या वाटीने दणादण गोल पाडले. मग ओव्हनसमोर स्टूल मांडून, हातात बॅटरी घेऊन बसले. आत दिवा होता, पण बॅटरीशिवाय निरीक्षण त्यांना निरीक्षण वाटेना.

स्कोन फुगले. भेग पडली. आणि सगळेच्या सगळे एका बाजूला कलले. पलीकडच्या टेबलावर काय कुजबूज चाललीय ते कान देऊन ऐकणाऱ्या कारकुनांसारखे, एकाच दिशेने.

काकू बाजारातून आल्या, त्यांनी एक तोडून खाल्ला. "चव बरी आहे," त्या म्हणाल्या. ज्यांना काकू माहीत आहेत, त्यांना हा केवढा मोठा पुरस्कार आहे ते कळेल. "खा आणि मोकळे व्हा."

"पण ते कललेत."

"पोटात गेल्यावर सरळ होतात."

माणसाच्या आयुष्यात असे क्षण येतात, की तिथे थांबला असता तर तो सुखी झाला असता. काकांनी एक स्कोन समोरच्या टायपिंगच्या बाईंना नेऊन दिला, एक वरच्या मजल्यावरच्या सेक्रेटरींना दिला, आणि परत येऊन दुसरं पीठ भिजवलं.

टायपिंगच्या बाई म्हणजे समोरच्या दारात राहणाऱ्या. अर्ध्या गावाची बोटं त्यांनी टायपिंगला बसवली होती. आता त्यांचेच गुडघे बसत नव्हते. इमारतीला लिफ्ट नाही. जिना चढताना त्या प्रत्येक मजल्यावर थांबून कुणाच्या तरी कुंडीचं कौतुक करत, म्हणजे थांबल्यासारखं दिसू नये. बहिणीच्या शेजारी तळमजल्यावरचं एक घर त्यांनी हेरून ठेवलं होतं, पण इथलं विकल्याशिवाय ते घेता येत नव्हतं. बऱ्याच काळाने गिऱ्हाईक लागलं होतं: बाजारातले चष्म्याचे दुकानदार. सगळं ठरत आलं होतं. रविवारी ते शेवटचं घर बघायला यायचे होते.

सेक्रेटरी विम्याचा धंदा करत. त्यामुळे कुठल्याही गोष्टीत दडलेलं संकट त्यांना सगळ्यांच्या आधी दिसे, आणि दिसलं की ते खुलत. स्कोन हातात घेऊन त्यांनी विचारलं, "हा असा का?"

"तेच शोधतोय," काका म्हणाले.

दुसऱ्या खेपेला काकांनी ट्रे ओव्हनमध्ये उलटा फिरवून ठेवला. ओव्हन एका बाजूने जास्त तापत असेल, तर स्कोन आता दुसरीकडे कलायला हवेत, ट्रेच्या हिशेबाने. ते ट्रेबरोबरच फिरले! म्हणजे ओव्हन निर्दोष सुटला. दोष भाजण्याच्या आधीचा. आधी काय होतं? ओटा. पीठ थापलं ओट्यावर, गोल पाडले ओट्यावर. काकांच्या मेंदूत तर्काची साखळी खळखळली. त्यांनी कपाटातून एक डांबरगोळी आणली (गोल आणि गुळगुळीत अशी घरात तेवढी एकच वस्तू सापडली) आणि ओट्यावर ठेवली.

गोळी क्षणभर विचारात पडली. मग निघाली. सावकाश, पण ठाम. ओट्याच्या टोकाशी जाऊन टपकन सिंकमध्ये पडली आणि जाळीवर गोल गोल फिरत राहिली.

काकांनी दुसरी ठेवली. तीही निघाली. त्यांना आधी आनंद झाला, शोध लागल्याचा. मग घाम फुटला. ओटा भिंतीत आहे, भिंत इमारतीत आहे, इमारत...

इथे कुणाही शहाण्या माणसाने बायकोला विचारलं असतं. पण काकू पाहुण्यांकडे गेल्या होत्या, आणि शोधाला वाट बघवत नाही. काका जिन्यात गेले. जिन्यात सेक्रेटरी भेटले.

"कुणाला बोलू नका," काकांनी सगळं सांगून शेवटी म्हटलं.

"छे! माझ्यापाशी राहिलं," सेक्रेटरी म्हणाले, आणि संध्याकाळच्या आत खाली फलक लागला: 'इमारत एका बाजूस कलल्याची शंका व्यक्त झाली आहे. रहिवाशांनी घाबरू नये. गॅलरीत सर्वांनी एकाच वेळी एका बाजूस उभे राहू नये.'

'घाबरू नये' वाचल्यावर जे व्हायचं तेच झालं. ज्यांची दारं आपोआप लागायची त्यांना कारण सापडलं. ज्यांचा तोल जिन्यात जायचा त्यांना निर्दोषपण सापडलं. पहिल्या मजल्यावरच्या नळ दुरुस्तीच्या ठेकेदाराने कपाट या भिंतीकडून त्या भिंतीकडे सरकवलं, म्हणजे इमारतीला जरा उलटा भार. त्यांच्या खाली राहणाऱ्या आजोबांनी ते ऐकून आपलं कपाट परत या भिंतीकडे आणलं. त्यांच्या मते इमारत दुसऱ्या बाजूला कलली होती. रात्रभर फर्निचर सरकण्याचे आवाज येत राहिले. काका गादीवर पडून कान देत होते, आणि त्यांना शरम वाटावी इतकं कुतूहल वाटत होतं: या सरकवासरकवीने उद्याचे स्कोन कुठे कलतील?

सकाळी काकू परतल्या त्या फलक वाचूनच.

"हे तुम्ही केलंत?"

"मी फक्त निरीक्षण नोंदवलं. ओट्यावर गोळी ठेवली तर ती सिंककडे जाते."

काकू पिशव्या खाली ठेवून खुर्चीवर बसल्या. उभ्याने सांगण्याजोगी ती गोष्ट नव्हती. "अहो, ओटा मुद्दाम उताराचा करतात. पाणी सिंककडे जायला."

"फक्त आपला?"

"जगातला प्रत्येक."

"मला कुणी सांगितलं नाही कधी."

"एकदा पुसला असतात, तर ओट्यानेच सांगितलं असतं."

हे लागलं. पण काकांनी मान अपमान बाजूला ठेवला, धावत वर जाऊन सेक्रेटरींना ओट्याचं शास्त्र समजावलं आणि फलक काढायला सांगितलं. सेक्रेटरींनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मग चष्मा वर सरकवून एकच प्रश्न विचारला:

"ओट्याचं मान्य. मग स्कोन का कलतात?"

काका पुन्हा खाली आले. ओट्यावर पाट ठेवून, पाटाखाली कागदाच्या घड्या घालून, सगळं पाण्यासारखं समतल करून त्यांनी तिसरी खेप भाजली आणि वर नेऊन दाखवली. कललेलीच.

"जोवर कारण कळत नाही, तोवर शंका आहे," सेक्रेटरी म्हणाले. "आणि शंका असताना फलक काढला, आणि उद्या इमारत खरंच... मला जबाबदार धरतील."

त्याच दुपारी टायपिंगच्या बाईंनी बेल वाजवली. आत आल्या नाहीत, दारातच चौकटीला धरून उभ्या राहिल्या.

"चष्मेवाल्यांचा फोन होता," त्या म्हणाल्या. "त्यांच्या कानावर आलंय. रविवारी येतील म्हणाले, पण इमारत सरळ आहे असं सरकारी इंजिनियरने लिहून दिलं असेल तरच घराचं बोलतील."

काकांना वाटलं, या रागावल्या तर बरं होईल. त्या रागावल्या नाहीत.

"तुमचा स्कोन मी खाल्ला हो. चांगला होता. इतका चांगला होता, की तो माझं घर अडवेल असं मला वाटलंच नाही." आणि त्या वळून आपल्या दाराकडे गेल्या. चार पावलांचं अंतर, पण मध्ये एकदा कठड्याला धरून थांबल्या. आता कौतुक करायला तिथे कुंडीही नव्हती.

काकांनी त्या दिवशी पुन्हा स्कोन भाजले नाहीत. एक कललेला स्कोन रुमालात गुंडाळून घेतला आणि ते नगरपालिकेत गेले.

जन्मभर खिडकीच्या आत बसलेल्या माणसाला खिडकीच्या बाहेर उभं राहण्याचं शिक्षण वेगळं घ्यावं लागतं. आपल्याला बघून लोक का अवघडायचे, हे काकांना रांगेत उभं राहिल्यावर पहिल्यांदा कळायला लागलं, आणि तेही त्यांना मोठं रंजक वाटलं. धोकादायक इमारतींच्या खिडकीतल्या कारकुनाने विचारलं, "तडा आहे?"

"आहे," काका म्हणाले. "कमरेत."

"इमारतीच्या?"

"नाही, स्कोनच्या." काकांनी रुमाल उघडला.

कारकुनाने स्कोनकडे बघितलं, काकांकडे बघितलं, पुन्हा स्कोनकडे बघितलं. "इमारतीला तडा पडला की या."

"अहो, इमारत सरळ आहे असा दाखला हवाय."

"सरळ असल्याचा दाखला आम्ही देत नाही. वाकडी असल्याचा देतो. सरळ असणं गृहीत धरलेलं आहे."

"मग गृहीत धरलंय एवढंच लिहून द्या!"

"जे गृहीत असतं ते लिहीत नाहीत, आजोबा. लिहिलं की ते गृहीत राहत नाही."

हे उत्तर इतकं चोख होतं, की एक जुना कारकून म्हणून काकांचा ऊर भरून आला. पण काम झालं नाही. ते व्हरांड्यात बाकावर बसून रुमालाची गाठ मारत होते, तेवढ्यात आतून एक तरुण इंजिनियर बाई बाहेर आल्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं.

"सगळेच कलतात?" त्यांनी विचारलं.

"सगळे."

"एकाच बाजूला?"

"एकाच. आणि ट्रे फिरवला तर ट्रेबरोबर फिरतात."

बाई काकांच्या शेजारी बसल्या. त्यांच्या डोळ्यांत जे दिसलं ते काकांनी ताबडतोब ओळखलं, तोच आजार. "दाखला मिळणार नाही," त्या म्हणाल्या. "पण रविवारी सुट्टी आहे. मी मोजून बघते आणि मोजलं ते सहीनिशी लिहून देते. तुम्ही मात्र पीठ तयार ठेवा. मला ते कलताना बघायचंय."

रविवारी सकाळी इंजिनियर बाईंनी गच्चीवरून दोरीला ओळंबा सोडला. लोखंडी वजन खाली हेलकावत स्थिर झालं, तोवर सगळी सोसायटी श्वास रोखून उभी. बाईंनी चारी कोपरे मोजले, जिने मोजले, आजोबांच्या आग्रहाखातर त्यांचं कपाटसुद्धा मोजलं (ते मात्र कललेलं निघालं). मग काकांच्या जेवणाच्या टेबलावर बसून सोसायटीच्या कागदावर लिहिलं: इमारत सरळ आहे. सही केली.

"आता सोसायटीचा शिक्का," सेक्रेटरी म्हणाले आणि त्यांनी मारला. अर्धा उमटला. 'गृहनिर्माण' फिकं, 'संस्था' नाहीच.

"द्या इकडे," काका म्हणाले. स्वयंपाकघरातून हात पुसतच ते बाहेर आले होते. पीठ थापून तयार होतं, वाटी शेजारी होती. इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्यांच्या चेहऱ्यावर अधिकार आला. त्यांनी शिक्का शाईत बुडवला, टेकवला, दाबला, आणि उचलण्याआधी मनगटाला ती किंचित मुरड दिली.

आणि तिथेच थांबले.

शिक्का कागदावर, हात शिक्क्यावर, आणि काका आपल्या मनगटाकडे बघताहेत. अनेक वर्षं घरात राहणारा माणूस भाडेकरू निघावा, तसे.

"काय झालं?" सेक्रेटरींनी विचारलं. "शाई संपली?"

काका तडक स्वयंपाकघरात गेले. मागोमाग काकू, इंजिनियर बाई, सेक्रेटरी आणि दारातून टायपिंगच्या बाई. काकांनी वाटी उचलली, पिठावर टेकवली, दाबली. मनगट आपोआप वळलं. त्यांनी गोल उचलून उजेडात धरला. एका बाजूची कड पिळवटून चिकटून बसली होती, दुसरी मोकळी.

"चिकटलेली बाजू वर येणार कशी?" इंजिनियर बाई हळूच म्हणाल्या.

"नाहीच येत," काका म्हणाले. "मोकळी बाजू फुगते आणि तिच्या अंगावर रेलते."

सेक्रेटरींच्या तोंडावर निराशा होती. एक चांगलं संकट हातचं जात होतं. पण ते चिवट. "म्हणजे नक्की काय समजायचं सोसायटीने?" त्यांनी विचारलं.

काकांना प्रश्न कळला होता. उत्तरही माहीत होतं. ते द्यायचं म्हणजे साहेबांचं भाषण, पौर्णिमेचा चंद्र, सगळ्यावर पाणी. त्यांनी दारात उभ्या असलेल्या टायपिंगच्या बाईंकडे बघितलं. त्या चौकटीला धरून उभ्या होत्या.

"लिहून घ्या," काका म्हणाले. "इमारत सरळ आहे. ओटा सरळ आहे, म्हणजे हवा तेवढा वाकडा आहे. वाकडा माझा हात आहे. पहिल्यापासून."

"अहो, हात नाही," काकू म्हणाल्या. "सवय."

काकूंच्या तोंडून एवढी मवाळ दुरुस्ती काकांनी कधी ऐकली नव्हती. ते गुमान गोल पाडायला लागले. एक रांग त्यांनी मुद्दाम मुरड देऊन पाडली, जुन्या पद्धतीने. दुसरी सरळ दाबून सरळ उचलून. सरळ उचलायला डाव्या हाताने उजवं मनगट धरून ठेवावं लागत होतं. "दोन्ही लागतात," त्यांनी इंजिनियर बाईंना समजावलं. "नाहीतर सिद्ध काय होणार?" बाईंनी मान डोलावली.

ट्रे आत गेला.

चष्मेवाले आले तेव्हा काकांचं दार उघडंच होतं. आत कुणी दिसेना. स्वयंपाकघराच्या दाराशी गेले, तर चार माणसं ओव्हनसमोर जमिनीवर बसलेली, एकाच्या हातात पेटती बॅटरी. टायपिंगच्या बाईंसाठी स्टूल होतं, आणि स्टुलावरून वाकून त्यासुद्धा काचेतून आत बघत होत्या. गुडघ्यांचं नावही न काढता.

"मी घर बघायला..." चष्मेवाले म्हणाले.

"शू!" सगळे म्हणाले. "फुगताहेत."

चष्मेवाले क्षणभर उभे राहिले. मग त्यांनी चष्मा पुसला, पँट गुडघ्याशी वर ओढली आणि तेही बसले. काचेमागे गोळे हळूहळू उंच होत होते. कमरेत भेग पडायला लागली. मागची रांग जरा डुलली, मग मान टाकावी तशी एका बाजूला रेलली. पुढची रांग वाढत राहिली, वाढत राहिली, आणि शिपायांसारखी सरळ उभी राहिली.

टायपिंगच्या बाईंनी काकूंचा हात घट्ट धरला होता, तो आता सोडला.

ट्रे टेबलावर आला. चष्मेवाल्यांनी इंजिनियर बाईंचा कागद आधी वाचला. मग वाकून, एक डोळा मिटून, सरळ रांगेतला प्रत्येक स्कोन निरखला. त्यांचा धंदाच नाकावरची वस्तू सरळ बसवण्याचा. हातात घेतला, फिरवला, परत ठेवला. कुणी हललं नाही. सेक्रेटरीसुद्धा.

"बाई," शेवटी ते टायपिंगच्या बाईंना म्हणाले, "घर मी घेतलं. उद्या दुकानात या, नाहीतर नको, तुम्ही जिना उतरू नका, मीच येतो."

बाईंची बोटं स्टुलाच्या कडेवर भराभर चालत होती, जणू काही महत्त्वाचं टाइप होत होतं.

काकांनी छाती पुढे काढली. सगळ्यात उंच, सगळ्यात सरळ, पुस्तिकेच्या मुखपृष्ठालाही लाजवील असा स्कोन त्यांनी बशीत ठेवला, शेजारी लोणी ठेवलं, आणि बशी दोन्ही हातांनी चष्मेवाल्यांपुढे धरली.

चष्मेवाल्यांनी बशीकडे बघितलं. मग काहीसं संकोचून, आवाज खाली आणून ते म्हणाले, "काका, राग मानू नका, पण हा ठेवून त्या मागच्या रांगेतला एक वाकडा द्याल का? त्याची ती चेपलेली कड मस्त खरपूस दिसतेय."